आईचं सोनं आणि मावसभावाचा सिनेमा

पत्र, थोडक्यात: धुळे-अमळनेर पट्ट्यातल्या एका गावच्या ताईंनी हे पत्र पाठवलंय. वय ३२. जळगावात चित्रकलेचं शिक्षण घेऊन त्या मुंबईला गेल्या आणि गेली नऊ वर्षं सिनेमा-मालिकांच्या कला विभागात काम करताहेत. सहायक म्हणून सुरुवात केली, आता कला दिग्दर्शक म्हणून सेट स्वतः उभे करतात, पण प्रॉडक्शन डिझायनर (सिनेमाच्या सगळ्या दृश्यरूपाची मुख्य जबाबदारी घेणारी व्यक्ती) म्हणून नाव अजून लागलेलं नाही. "रेखाटनं माझी, सुतार-रंगाऱ्यांच्या मागे रात्रभर उभी मी, आणि पडद्यावर माझं नाव चौथ्या ओळीत," असं त्या लिहितात. गावाकडे त्यांचा मावसभाऊ आणि त्याचे दोन मित्र १९७२ च्या दुष्काळावर सिनेमा काढताहेत, निम्मा अहिराणीत, निम्मा मराठीत. खर्चाचा अंदाज ८० लाख. ताईंनी प्रॉडक्शन डिझाइन करावं, मानधन घेऊ नये, १२ लाख घालावेत आणि १५ टक्क्यांच्या भागीदार निर्माती व्हावं, असा प्रस्ताव आहे. चार लाख त्यांच्या बचतीत आहेत. उरलेल्या आठ लाखांसाठी आई, ताईंच्या लग्नासाठी जपलेलं आपलं सोनं गहाण ठेवायला तयार आहे. वडील नाहीत, आई गावात एकटी राहते. "हाई समदं तुन्हंच शे," असं आई म्हणते. मामा मात्र कर्जात बुडालेले कला दिग्दर्शक नितीन देसाई यांचं नाव घेऊन घाबरवतात. ताईंचा प्रश्न असा: दादासाहेब फाळक्यांच्या घरचे दागिनेही गहाण पडलेच होते ना? आता नाही तर कधी? दुसऱ्यांचे सेट उभारतच म्हातारं व्हायचं का?

प्रिय ताई,

तुमच्या पत्रात मी सर्वांत जास्त वेळ 'चौथ्या ओळीत' या शब्दांपाशी थांबले. बाकीचं पत्र तिथूनच निघालंय असं मला वाटतं. नऊ वर्षं काम करूनही ते आपल्या नावावर लागत नाही, ही सल खरी आहे आणि ती मनात ठेवून जगण्यात काही मोठेपणा नाही. पण तिच्यावरचा उपाय म्हणून तुम्ही जे सुचवलंय, ते मला या दुखण्याचं औषध वाटत नाही.

तुम्ही मनात पायऱ्या मांडल्या आहेत: सहायक, मग कला दिग्दर्शक, मग प्रॉडक्शन डिझायनर आणि सगळ्यांत वर निर्माती. निर्मिती ही त्या जिन्याची वरची पायरी आहे, हे गृहीत मला मान्य नाही. तो वेगळा व्यवसाय आहे. प्रॉडक्शन डिझायनर संहिता हातात घेऊन विचारते की हे घर कुणाचं, किती वर्षांचं, भिंतीला चुना की पांढरी माती, चूल कुठल्या कोपऱ्यात आणि तिच्या धुरानं कुठली तुळई काळी झाली. निर्माता तीच संहिता घेऊन विचारतो की याला दिवस किती, माणसं किती, पैसा कुठून येणार आणि परत कधी येणार. दोन्ही प्रश्न मोलाचे. पण एकाच माणसानं एकाच वेळी दोन्ही विचारायचे म्हटलं की काय होतं, हे तुमच्याच सिनेमावर ताडून पाहा.

गोष्ट १९७२ ची आहे. म्हणजे गल्लीतला सिमेंटचा रस्ता तुम्हाला मातीनं झाकावा लागणार. विजेचे खांब, मोबाइलचे टॉवर, छपरावरच्या डिश, चौकातले वाढदिवसाचे फ्लेक्स, भिंतींवरच्या रंगवलेल्या जाहिराती, प्लास्टिकच्या घागरी हे सगळं फ्रेमबाहेर काढायचं किंवा दडवायचं. शेतात ठिबकच्या काळ्या नळ्या दिसता कामा नयेत, त्या तेव्हा नव्हत्याच. दुष्काळी कामावरच्या बायामाणसांसाठी टिकाव, घमेली, पाट्या, मुकादमाच्या हातातला हजेरीपट, फोडायला खडी. धाब्याची, म्हणजे सपाट मातीच्या छपराची घरं शोधावी लागतील. ती सापडतील तेव्हा त्यांच्या वर कुणीतरी पत्रे घातलेले असतील आणि ते उतरवून पुन्हा मातीचं धाबं दाखवायचं तर सुतार आणि गवंडी दोन्ही लागतील. डिझायनर म्हणून तुम्ही सकाळी म्हणाल, रस्त्यावर पसरायला माती कमी पडतेय, अजून चार ट्रॉल्या मागवा. भागीदार म्हणून संध्याकाळी हिशेबाला बसाल तेव्हा त्या ट्रॉल्यांचे पैसे आईच्या गळ्यातल्या पोतीतून जात असतील. मग दुसऱ्या दिवशी तुम्ही मातीच मागणार नाही. तुमच्यातली कलावंत आपणहून गप्प बसेल, आणि सिनेमा पाहताना लोकांना फक्त एवढंच जाणवेल की हे काही बहात्तर साल वाटत नाही. ज्या कामावर नाव लागावं म्हणून ही सगळी धडपड, तेच काम यात सगळ्यांत आधी पातळ होईल.

दोन्ही भूमिका एकत्र निभावलेली माणसं झाली, हे खरं. आपल्या मराठी सिनेमाची सुरुवातच अशा माणसांपासून होते. फाळके मुंबईच्या जे. जे. कलाशाळेत शिकले, मग बडोद्याच्या कलाभवनात, नाटकांचे पडदे त्यांनी रंगवले, छायाचित्रण केलं, छपाई केली आणि १९१३ साली 'राजा हरिश्चंद्र' आणला. सरस्वतीबाईंनी दागिने दिले, शिवाय सगळ्या चमूचं जेवणखाण सांभाळलं. पण त्या गोष्टीतला एक भाग आपण नेहमी वगळतो. फाळक्यांनी सावकाराकडे जाण्याआधी एक छोटी फिल्म केली होती. कुंडीत वाटाणा लावला, त्याचं रोप वाढताना रोज थोडं थोडं चित्रण केलं आणि 'अंकुराची वाढ' लोकांना दाखवली. ते पाहून पैसा देणारे पुढे आले. म्हणजे मला हे जमतं, असा पुरावा आधी आणि मोठं कर्ज नंतर. तुमच्या प्रस्तावात तो पुरावा कुठे आहे? तुमचा मावसभाऊ आणि त्याच्या मित्रांनी आजवर काय चित्रित केलंय, ते पत्रात एका शब्दानंही आलेलं नाही.

फाळक्यांच्याच आयुष्यातलं पुढचं पानही वाचायला हवं. १९१८ साली मुंबईच्या धनिकांबरोबर भागीदारीत हिंदुस्तान सिनेमा फिल्म्स कंपनी निघाली. तिथे भागीदारांशी त्यांचं पटेना आणि ते कंपनी सोडून काशीला निघून गेले. पुढे परतले, कामही केलं, पण १९४४ मध्ये नाशिकला त्यांचं निधन झालं तेव्हा हाताशी फारसं काही उरलेलं नव्हतं. कलेत ते कुठेच कमी पडले नव्हते. निर्णय कुणाचा आणि हिशेब कुणाचा, हे मात्र सुटलेलं नव्हतं.

याउलट मला प्रभात फिल्म कंपनीचे फत्तेलाल आठवतात आणि तुम्हाला मी त्यांचाच दाखला देईन. कोल्हापूरचे चित्रपटकार बाबूराव पेंटर यांच्या तालमीत तयार झालेला हा चित्रकार १ जून १९२९ ला कोल्हापुरात सुरू झालेल्या प्रभातच्या पाच मालकांपैकी एक होता. दामले, शांताराम, धायबर, फत्तेलाल आणि भांडवलाची बाजू सांभाळणारे सीतारामपंत कुलकर्णी. फत्तेलालांनी नेपथ्य पाहिलं, पुढे दामल्यांबरोबर १९३६ चा 'संत तुकाराम' दिग्दर्शितही केला. मालकी होती, पण कामं वाटलेली होती. पैशाचा घोर कुलकर्ण्यांच्या वाट्याला होता, तो रंग आणि चुना कालवणाऱ्या माणसाच्या डोक्यावर टाकलेला नव्हता. आणि तरीही ही भागीदारी कायमची टिकली नाही. शांताराम १९४२ मध्ये बाहेर पडले. एकमेकांचं काम आतून ओळखणाऱ्या माणसांचं हे झालं. तुमच्या चौघांत तर एकमेकांबरोबर काम केलेलं कुणी असल्याचं पत्रात दिसत नाही, नातं आणि ओळख तेवढी आहे.

आता मामांच्या भीतीकडे येते. नितीन देसाई जे. जे. मधून आले, 'तमस' मालिकेपासून त्यांनी सुरुवात केली, कला दिग्दर्शनासाठी चार वेळा राष्ट्रीय पुरस्कार मिळवले, २००५ मध्ये कर्जतला स्टुडिओ उभारला, निर्मातेही झाले. 'बालगंधर्व' त्यांचीच निर्मिती. २ ऑगस्ट २०२३ ला ते गेले तेव्हा त्यांच्या कंपनीवर मोठं कर्ज होतं आणि दिवाळखोरीची प्रक्रिया सुरू झालेली होती. एखाद्या माणसानं जीवन का संपवलं, याचं एकच कारण बाहेरून कुणी काढू नये. त्यांचं नाव धाक घालायला वापरू नका, असं मामांना माझ्यातर्फे सांगा. त्यातून आपल्याला घेण्यासारखी गोष्ट व्यवहाराची आहे. डिझायनरला काम मिळालं की पैसा येतो, काम नसलं की येत नाही, पण खर्चही थांबतो. कर्जाचं व्याज थांबत नाही. त्याला शूटिंग सुरू आहे की नाही, याच्याशी घेणंदेणं नसतं. (हे वाचणाऱ्यांपैकी कुणी आज अशा ओझ्याखाली असेल आणि जगणं नकोसं वाटत असेल, तर १४४१६ या सरकारी टेलिमानस क्रमांकावर फोन करा. रात्री-अपरात्रीही करा. मराठीत बोलता येतं.)

तुमच्या आकड्यांत एक गोष्ट मला खटकली आणि ती तुमच्या नजरेतून कशी सुटली याचं आश्चर्य वाटलं, कारण सेटचं बजेट तुम्ही रोज करता. ८० लाखांत १२ लाख म्हणजे बरोबर १५ टक्के. मग तुमचं मानधन कुठे मोजलं? तुमच्या कामाचे समजा सहा लाख धरले, तर तुम्ही प्रत्यक्षात १८ लाखांचं काहीतरी देताय आणि सिनेमाचा खरा खर्च ८६ लाख होतोय. त्या हिशेबानं तुमचा वाटा २१ टक्क्यांच्या जवळ जातो. प्रस्तावात तुमच्या श्रमाची किंमत शून्य धरली आहे. मावसभावानं हे कपटानं केलं असेल असं मला वाटत नाही. घरच्या मुलीचं काम आपल्याकडे कुणी मोजायला घेतच नाही. पण मुंबईत ज्या गोष्टीसाठी तुम्ही नऊ वर्षं कुढत आलात, तीच इथे घरचे लोक प्रेमानं करताहेत, एवढं तरी दिसू द्या.

पैसा परत येण्याचा रस्ताही एकदा चालून पाहा. तिकिटातून आधी जीएसटी जातो. उरलेल्यातून साधारण निम्मा थिएटरचा. मग वितरकाचं कमिशन, मग प्रसिद्धीचा खर्च, आणि त्यानंतर जे राहील ते निर्मात्यांच्या हातात. ८० लाख नुसते वसूल व्हायचे तर तिकीटविक्री दोन कोटींच्या पुढे जायला हवी. सरासरी १२० रुपयांचं तिकीट धरलं तर एक लाख पासष्ट हजारांहून जास्त माणसं थिएटरात यायला हवीत. आपल्या धुळे, जळगाव, नंदुरबार या तीन जिल्ह्यांत अहिराणीवर जीव टाकणारी माणसं यापेक्षा कितीतरी जास्त आहेत, पण ती गाणी नि गमतीचे व्हिडिओ मोबाइलवर फुकट पाहतात. तिकीट काढून ती दुष्काळ पाहायला येतील का, हे कुणी तपासलंय? सरकारी अनुदानावर तुमचा मावसभाऊ भिस्त ठेवून असेल तर ते चित्रपट पूर्ण झाल्यावर, समितीनं पाहून ठरवायचं असतं. भांडवल म्हणून ते मोजता येत नाही. आणि अनुदान मागायचं तर निम्मा अहिराणी असलेल्या सिनेमाच्या सेन्सॉर प्रमाणपत्रावर भाषा कोणती लागेल, याची चौकशी संहिता पक्की होण्याआधी करायची असते. दरम्यान आठ लाखांच्या सोनेतारणावर वर्षाला १२ टक्के व्याज धरलं तरी महिन्याचे आठ हजार झाले. चित्रीकरण, संकलन, प्रमाणपत्र, प्रदर्शन यांत दोन वर्षं सहज जातात. तोवर एक लाख ब्याण्णव हजार नुसत्या व्याजाचे. ते कोण भरणार, याबद्दल तुम्ही काही लिहिलेलं नाही. तुमचं मानधन तर तुम्ही आधीच सोडून दिलंय.

आणखी एक, कायद्याचं. चौघं मिळून साधी भागीदारी फर्म काढणार असाल तर १९३२ च्या भागीदारी कायद्यानुसार फर्मच्या सगळ्या देण्याला प्रत्येक भागीदार पूर्णपणे बांधील असतो. तुमचा हिस्सा १५ टक्के म्हणून देणंही १५ टक्के, असं नसतं. मित्रानं फर्मच्या नावावर जनरेटरवाल्याचे, कॅमेरा भाड्याचे, जेवणाचे पैसे थकवले तर तो माणूस वसुलीला तुमच्या दारात येऊ शकतो. एलएलपी (मर्यादित जबाबदारीची भागीदारी) किंवा प्रायव्हेट लिमिटेड कंपनी काढली तर साधारणपणे तुम्ही घातलेल्या रकमेपुरतीच जोखीम राहते, पण कुठल्याही कर्जाला वैयक्तिक हमी म्हणून सही केलीत की ते संरक्षण गेलं. चित्रपट करा की करू नका, पण हमीपत्रावर सही करू नका. जळगावात किंवा धुळ्यात एखाद्या सीएला तासभर भेटा. त्याची फी हा या सगळ्या प्रकरणातला सर्वांत स्वस्त खर्च असेल.

सोन्याबद्दल मला हळुवारपणे, पण स्पष्ट बोलायचंय. आईनं ते तुमच्या लग्नासाठी जपलंय आणि लग्न करायचं की नाही हा निर्णय आता तुमचा तुम्ही घेणार आहात, त्यामुळे ते सोनं आता मोकळं झालं असं तुम्ही धरून चालताय. पण ते अजून त्यांचं आहे. स्त्रीधनावर कायद्यानंही फक्त त्या स्त्रीचा हक्क असतो. नवरा गेलेल्या, गावात एकट्या राहणाऱ्या बाईला दवाखान्याची वेळ आली तर रात्रीतून पैसा उभा करायला दुसरं काय असतं? आई 'हाई तुन्हंच शे' म्हणते ती मायेनं. मायेनं दिलेला होकार हा व्यवहारातला होकार धरू नये. त्यांना व्याजाचा आकडा, दोन वर्षांची मुदत आणि बुडण्याची शक्यता शांतपणे सांगितलीत का? त्या ऐकूनही हो म्हणाल्या तरी माझा सल्ला 'ते सोनं घेऊ नका' असाच राहील.

मग करायचं काय? मुंबईला परत जा आणि गप बसा, असं मी मुळीच म्हणणार नाही. हा सिनेमा तुम्ही करावा असं मला मनापासून वाटतं. आपल्या मुलखाचा दुष्काळ आपल्या मुलखातल्या बाईनं पडद्यावर उभारावा, यापेक्षा चांगलं काय असेल? पण त्यात तुम्ही पैसा घेऊन जाऊ नका. काम घेऊन जा.

मावसभावाला सांगा: मी प्रॉडक्शन डिझायनर म्हणून येते. मानधन ठरवू. त्यातला निम्मा भाग टप्प्याटप्प्यानं द्या, थोडा करारावर सही होताना, थोडा सेट उभा राहिल्यावर, उरलेला माझं शूटिंग संपतं त्या दिवशी. निम्मा भाग मी सिनेमात सोडते आणि त्याच्या किमतीएवढा वाटा माझ्या नावावर लिहा. सहा लाखांतले तीन सोडले तर ते ८६ लाखांच्या खऱ्या खर्चाच्या जवळजवळ साडेतीन टक्के होतात. वाटा लहान आहे, पण तो गेला तर फक्त तुमचे काही महिने जातील, आईची पोत जाणार नाही. कला विभागाचा खर्च किती, हा आकडा करारात वेगळा लिहून घ्या आणि तो कमी करायचा झाल्यास तुमची लेखी संमती लागेल असं कलम घाला. नाव कुठल्या पाटीवर, कुणाच्या शेजारी, पोस्टरवर आणि ट्रेलरमध्ये येईल की नाही, हेही तिथेच. श्रेयनामावलीचं भांडण सिनेमा तयार झाल्यावर कुणी जिंकत नाही. मुंबईतल्या पुढच्या कामावरही हेच करा. तुमच्या हुद्द्याचं नाव आणि श्रेयाची ओळ ही मागणी सही करण्याआधी ईमेलवर टाका. कला दिग्दर्शकांच्या संघटनेचं सदस्यत्व घेतलं नसेल तर घ्या. पैसे बुडाले किंवा नाव गाळलं तर तक्रार न्यायला एक जागा राहते. मालिकांत पैसे ९० दिवसांनी यायची रीत तुम्हाला माहीतच आहे, तेव्हा हातात तीन-चार महिन्यांचं घरभाडं असल्याशिवाय कुठलंही स्वप्न अंगावर घेऊ नका. तुमचे चार लाख त्यासाठी आहेत.

आणि आधी नमुना करा. दहा-बारा मिनिटांचा एकच प्रसंग: एक धाब्याचं घर, एक ओटा, एक कोरडी विहीर, चार पात्रं. चौघांनी मिळून दीड-दोन लाखांत तो होईल. त्यात दिग्दर्शकाची कुवत कळेल, मावसभाऊ मजुरांचे पैसे वेळेवर देतो का ते कळेल, आणि धुळ्या-जळगावातल्या एखाद्या व्यापाऱ्याला दाखवायला हातात काही राहील. सोन्याच्या आणि केळीच्या व्यवहारात मुरलेला आपल्याकडचा व्यापारी कागदावरच्या सिनेमाला पैसा देणार नाही, पण डोळ्यांनी पाहिलेल्या मालाची किंमत त्याला चांगली कळते. जागेअभावी अडत असाल तर चाळीसगावला छायाचित्रकार केकी मूस यांचं कलादालन पाहून या, स्टेशनपासून जवळच आहे. तेच त्यांचं घर. हा माणूस त्या घरातच राहिला आणि टेबलावर इवलीशी जगं मांडून त्यांची अशी छायाचित्रं काढली की ती खरीच वाटावीत. प्रमाण, प्रकाश आणि पोत यांचं जे शिक्षण तिथल्या टेबल-टॉप चित्रांत मिळतं, ते कुठल्याही सॉफ्टवेअरमध्ये मिळणार नाही. तुमच्या दुष्काळी गावाचं मॉडेल आधी असं मांडून पाहा.

निर्मितीची ओढ खरीच असेल, आणि कदाचित असेलही, तर तो व्यवसाय दुसऱ्याच्या पैशावर आणि पगार घेऊन शिकता येतो. लाइन प्रोड्यूसर म्हणतात त्याला. बाहेरचं युनिट खानदेशात येतं तेव्हा त्यांना जागा, परवानग्या, राहणं-जेवण, सुतार, गर्दीसाठी माणसं, जुन्या वस्तू सगळं लागतं. भुसावळच्या स्टेशनात कॅमेरा लावायचा तर रेल्वेची परवानगी, पाटणादेवीच्या जंगलात वनखात्याची, पुरातत्त्व खात्याच्या ताब्यातल्या वास्तूत त्यांची. बैल, शेळ्या, सारंगखेड्याचे घोडे पडद्यावर आणायचे तर ॲनिमल वेल्फेअर बोर्डाची परवानगी चित्रीकरणाच्या आधी, आणि दुष्काळाच्या सिनेमात हाडं वर आलेली जनावरं दाखवायची म्हणजे ती तर फारच काळजीनं. हे सगळं जाणणारी आणि शिवाय सेटची भाषा कळणारी बाई आपल्या भागात हवीच आहे. अशी दोन-तीन कामं केलीत की पैसा कुठे गळतो हे हातांना कळेल. गावोगावच्या माळ्यांवर पडलेली तांब्या-पितळेची भांडी, जाती, पाळणे, लाकडी पेट्या, कंदील, मापं जमवायला लागा, नोंदवही ठेवा. जुन्या वस्तू भाड्यानं देण्यावर मुंबईत दुकानं चालतात.

या सदराच्या ज्या तरुण वाचकांना अशाच कामाची ओढ आहे, त्यांनाही दोन शब्द. गणपतीचे देखावे, लग्नाचे मंडप, गॅदरिंगचे पडदे यांत हात चालतो, तो वाया गेलेला नसतो. फक्त प्रत्येक कामाचे फोटो, मोजमापं आणि खर्च लिहून ठेवा, तोच तुमचा पोर्टफोलिओ. पुण्याच्या फिल्म इन्स्टिट्यूटमध्ये कला दिग्दर्शनाचा तीन वर्षांचा अभ्यासक्रम आहे, प्रभातच्याच जुन्या आवारात. त्याला कला किंवा वास्तुकलेशी संबंधित पदवी लागते, म्हणून बारावीनंतर कुठलीतरी पदवी उरकून मग बघू, असं करू नका. आणि मुलगी या कामाला जाणार म्हणून कचरणाऱ्या पालकांनी मनाईचा विचार सोडून तिला रात्री सेटवरून घरी आणायची व्यवस्था कोण करतं, हे विचारावं. तो प्रश्न रास्त आहे आणि चांगल्या निर्मात्याकडे त्याचं उत्तर असतं.

ताई, तुमच्या बाबतीत शेवटची गोष्ट वेळेची आहे. दुष्काळ चित्रित करायचा तर एप्रिल-मे हेच दिवस, कपाशी निघून गेलेली आणि रानं उघडी पडलेली. यावल-रावेरच्या बाजूला तेव्हाही केळीचा हिरवेपणा कॅमेऱ्यात घुसेल, म्हणून पारोळा, अमळनेर, शिंदखेड्याच्या कोरड्या भागात जागा पाहा. पंचेचाळीस अंशांत काम करायचं म्हणजे पहाटे सुरू करून अकराला थांबणं, पुन्हा चारनंतर. त्यामुळे दिवस वाढतील आणि ८० लाखांचा आकडाही बदलेल. हे धरून नवं बजेट मावसभावाकडे मागा. नमुन्याचा प्रसंग दिवाळीच्या आत झाला आणि करार डिसेंबरात सह्या होऊन हातात आला, तर सेटला तीन महिने मिळतात. तेवढ्यात करार झाला नाही तर पुढच्या उन्हाळ्यापर्यंत थांबायला सांगा, आणि तोवर मुंबईतलं काम सोडू नका.